हातभर मागे

१

फोकस लावायची माझी पद्धत जुनी आहे. टेपची डबी माझ्या हातात, कॅमेऱ्याला टेकवलेली. टेपचं टोक बायकोच्या हातात. ती ते घेऊन जमिनीवरच्या चिकटपट्टीच्या फुलीवर जाऊन उभी राहते, टोक डोळ्याच्या कोपऱ्याशी धरते आणि टेपला दोन हलके हिसके देते. त्याचा अर्थ, मी जागेवर आहे, वाच. मी आकडा वाचतो, लेन्सवर लावतो, ती टोक सोडते आणि टेप खाली लोंबते. शिंप्याकडे असते तशी कापडी टेप आहे, फक्त लांब. इतक्या वर्षांत या कामात आम्हाला एकमेकांशी एक शब्दही बोलावा लागलेला नाही. आमच्या संसारात ज्या थोड्या गोष्टी विनातक्रार होतात, त्यातली ही एक.

हल्लीची मुलं या टेपला हसतात. कॅमेऱ्याच्या पडद्यावर दिसतंच की सगळं, म्हणतात. दिसतं, पण तो पडदा तळहाताएवढा, आणि माझे डोळे आता जवळचं बघताना दगा देतात. पडद्यावर माझा विश्वास नाही. खरं तर माझा फारशा कशावरच विश्वास नसतो, पण टेपवर होता.

मी सिनेमे करतो. म्हणजे लिहितो मी, दिग्दर्शन माझं, कॅमेरा माझा, दिवे मी लावतो आणि शेवटी केर काढतो तोही मीच. लोक याला स्वतंत्र दिग्दर्शक म्हणतात. माझ्या सासूबाई रिकामटेकडा म्हणतात. आजवर चार सिनेमे झाले, छोट्या सभागृहांत दाखवले, तेही खुर्च्या स्वतः मांडून. चारहीत नायिका बायकोच, कारण ती उत्तम नटी आहे आणि तिला मानधन द्यावं लागत नाही. दोन्ही कारणं खरी आहेत.

पाचव्यात एक बाई रिकामं केलेलं घर शेवटचं बघायला येते आणि तिचा पाय तिथून निघत नाही, एवढीच गोष्ट होती. त्यासाठी वरच्या मजल्यावरचा एक ओस फ्लॅट फुकट मिळाला होता. माझे चारही सिनेमे ज्याने कापले-जोडले त्या संकलक मित्राच्या काकांचा. या मित्राला सगळे कात्री म्हणतात, आणि तो बोलतोही तसाच.

हा सिनेमा संपला की बायको जाणार होती. दुसऱ्या गावी नाट्यशाळेत शिकवायची नोकरी लागली होती तिला.

"मी काही तुला सोडून चालले नाहीये," ती म्हणाली. "नोकरीला चाललेय."

"बॅग दोन्हीला तीच लागते."

ती हसली. पण बॅगेवरची धूळ पुसत राहिली. माझ्या मनात शंकेची पाल चुकचुकली ती तेव्हाच.

२

पहिल्या काही दिवसांचं फुटेज कात्रीच्या मोठ्या पडद्यावर लावलं. त्याने एक शॉट मध्येच थांबवला.

"पडद्यावर सिनेमा काढतोयस का रे?" त्याने विचारलं.

"म्हणजे?"

"हा खिडकीचा पडदा बघ. एकेक धागा मोजून घे. आणि आता वहिनीचं तोंड बघ."

बायकोचा चेहरा धूसर होता. तिच्या मागे हातभर अंतरावर लोंबणारा जुना पडदा मात्र सुईच्या टोकासारखा स्पष्ट. दुसऱ्या शॉटमध्ये ती दाराच्या थोडी पुढे उभी होती, तर दाराच्या कडीवरचा गंज दिसत होता आणि बायको धुक्यात. तिसऱ्यात मोरीच्या नळाला लागलेला थेंब पडायच्या बेतात थांबला होता, आणि त्याच्या अलीकडे एक पुसट आकृती काहीतरी बोलत होती. संवाद चांगले झाले होते. फोकस प्रत्येक वेळी हातभर मागे.

"चष्मा बदल," कात्री म्हणाला.

"टेपने लावलाय. डोळ्यांनी नाही."

"मग लेन्स बोंबललीय."

घरी येऊन भिंतीवर वर्तमानपत्र चिकटवलं, टेपने अंतर मोजून आकडा लावला आणि तपासलं. छोट्या जाहिरातींतलं अक्षर न् अक्षर वाचता आलं. लेन्स ठणठणीत होती. टेप दुसऱ्या टेपशी लावून पाहिली. केसाचाही फरक नाही. मग घोडं नेमकं कुठे अडतंय ते कळायला मला फार वेळ लागला नाही. लेन्स हलत नाही, टेप हलत नाही. हलतो तो माणूस.

३

दुसऱ्या दिवशी मी तिच्या चेहऱ्याकडे पाहिलंच नाही. पायांकडे पाहिलं.

तिने फुलीवर उभं राहून टोक धरलं. दोन हिसके. मी आकडा लावला, तिने टेप सोडली, मी सुरू म्हणालो. आणि तिची पावलं हळूच पुढे सरकली. आधी डावं, मग उजवं. तिला पत्ताही नसावा इतक्या सहज.

"कट! का गं सरकतेस?"

तिने खाली पाहिलं. तिलाही नवल वाटलं. "अरे हो की. जागा करते बहुतेक."

"कुणाला?"

"कुणाला नाही रे. रांगेत मागचा माणूस फार जवळ आला की आपण कसे नकळत पुढे होतो? तसं होतंय इथे. नवं घर आहे ना, सवय नाही."

"इथे रांग नाहीये. आपण दोघंच आहोत."

"मी कुठे नाही म्हणतेय?"

असं सरळ उत्तर ऐकलं की माझ्या डोक्यातला किडा जास्तच वळवळतो. तिने हे ठरवून चालवलंय का? सिनेमा बिघडला की मी तो सोडून देईन, आणि तिला लवकर निघता येईल? की या फ्लॅटमध्ये आमच्याशिवाय कुणी येऊन जातंय आणि तिला ते माहीत आहे? त्या संध्याकाळी निघताना मी तिला खाली पाठवून सगळ्या खोल्या तपासल्या. चार रिकाम्या खोल्या, मोरी, माळा. फरशीवरच्या धुळीत आमच्या दोघांच्याच चपलांचे ठसे होते. तिचे ठसे फुलीपासून पुढे सरकलेले. फुलीच्या मागे काहीच नव्हतं. तिथली धूळ जशीच्या तशी होती, याने मला बरं वाटायला हवं होतं.

यावर उपाय मी सुताराच्या डोक्याने केला. एक लाकडी रीप आणली आणि फुलीच्या पुढे, तिच्या बोटांच्या लगत, जमिनीवर पक्की चिकटवली. आता पुढे सरकायचं म्हणजे रीप ओलांडावी लागणार.

"मी काय दोरी तोडणारी गाय आहे का?" ती म्हणाली.

"गाईला फोकस लागत नाही."

ती यावर हसली नाही. पण दिवसभर एकदाही सरकली नाही. दर शॉटला तिची बोटं रिपेवर दाबलेली मला दिसत होती, पांढरी पडेपर्यंत.

४

"सुधारणा आहे," कात्री म्हणाला. "आता वहिनीचा अंबाडा दिसतो. मोजून पिना सांगू का?"

फोकस हातभर मागे होता तो आता वीतभर मागे आला होता. ती जागची हललेली नव्हती. मी स्वतः पाहिलं होतं.

"थांब, तुला गंमत दाखवतो," म्हणत कात्रीने एक शॉट उघडला. दुपारचं ऊन खिडकीतून तिरपं आत आलेलं, त्यात ती उभी. मागे उन्हात धुळीचे कण तरंगत होते आणि ते कण इतके स्पष्ट होते की मला त्यातले मोठे आणि लहान वेगळे दिसले. कात्रीने चित्र पुढे-मागे करून दाखवलं. कण वरून खाली येत होते, बाजूने वाहत होते. तिच्या खांद्यामागे एका ठिकाणी मात्र एकही कण नव्हता. कण तिथवर यायचे आणि कडेने वळून जायचे.

"वाऱ्याचा झोत असेल," मी म्हणालो.

"खिडकी बंद होती, म्हणालास."

"मग फट असेल."

"उभी फट," कात्री म्हणाला. "माणसाएवढी." मग त्याने खुर्ची मागे सारली आणि चहा टाकायला उठला. चहा होईपर्यंत मी तो शॉट पुन्हा लावला नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी तिचा एक साधा शॉट घ्यायचा होता. मी कॅमेऱ्याशी वाकून, चष्मा कपाळावर, लेन्सच्या कडेवरची धूळ पुसत होतो. नेहमीप्रमाणे न बघताच टेपचं टोक हातात धरून पुढे केलं. "घे," म्हणालो. टोक हातातून अलगद गेलं. डबीतून टेप सुटत गेली, नेहमीच्या वेगाने, आणि ताणली गेली. मी हिसक्यांची वाट पाहिली. हिसके आले नाहीत.

"झालं का?" मी विचारलं. उत्तर नाही. चष्मा खाली ओढून मी आकडा वाचला. फुलीपर्यंतचं अंतर, चोख. आकडा लेन्सवर लावला.

तेवढ्यात जिन्यातून बायकोचा आवाज आला. ती फोनवर तिच्या बहिणीशी बोलत होती. "नाही गं ताई, परवाच्या गाडीनेच निघतेय. आजचा हा झाला की शेवटचाच शॉट राहील त्याचा."

माझ्या हातातली टेप ताणलेलीच होती.

मी वर पाहिलं. म्हणजे मान उचलायला घेतली, आणि ती उचलेपर्यंत टेप खाली पडली होती. फुलीवर कुणी नव्हतं. टेपचं टोक रिपेच्या पलीकडे पडलेलं. उन्हातली धूळ तेवढी हललेली होती.

टोक कशात तरी अडकलं असणार. पण कशात? खोलीत खुर्ची नाही, दिव्याचा स्टँड दुसऱ्या टोकाला. आणि कापडी टेप वाऱ्याने डोळ्याच्या उंचीवर ताणली जात नाही. मग मला आठवलं, 'घे' म्हटल्यावर टोक माझ्या बोटांतून सुटलं तेव्हा दुसऱ्या बोटांचा स्पर्श झाला होता का? मला आठवेना. बायकोच्या बोटांचा स्पर्श तरी इतक्या वर्षांत मी कधी लक्षात ठेवला होता?

ती आत आली. "काय झालं? असा का बसलायस?"

"काही नाही. जरा चक्कर आली."

खरं सांगितलं असतं तर ती त्याच क्षणी निघून गेली असती. तेच मला नको होतं. शेवटचा शॉट बाकी होता.

५

सिनेमाचा शेवट असा, की ती बाई पहिल्यांदाच सरळ कॅमेऱ्याकडे बघते. जवळून, फक्त चेहरा. शब्द नाही, काही नाही. एवढ्या एका शॉटसाठी मी बाकीचा सिनेमा लिहिला होता. तो धूसर आला तर सगळंच पाण्यात.

बायको फुलीपाशी गेली आणि थांबली.

"हा राहू दे ना. पाठमोरीवर संपव. छान वाटेल."

"तुला घाई झालीय निघायची."

"तसं नाहीये रे."

"मग कसं आहे?"

ती फुलीवर उभी राहिली. तिने टोक धरलं, दोन हिसके दिले. मी आकडा लावला. तिने टेप सोडली नाही.

"ऐक ना," ती म्हणाली. आवाज अगदी साधा होता, शेजारच्या खोलीत कुणी झोपलं असताना काढतात तसा. "ती रीप काढ."

"का?"

"मागे आता जागा नाहीये. मला थोडं पुढे होऊ दे."

"पुढे झालीस की फोकस जातो."

"जाऊ दे."

"एकच टेक गं. एक. मग परवाची गाडी कशाला, आज निघ. मी स्वतः बॅग भरून देतो."

तिने माझ्याकडे पाहिलं. भांडताना बघायची तसं नाही. मी दुसऱ्या कुणाचा तरी नवरा असावा तसं. खोलीभर ऊन होतं, खाली रस्त्यावर गाड्यांचे भोंगे वाजत होते, आणि मला भीती वाटत होती हे मी कबूल करतो. पण त्याहून मोठी भीती शॉट हुकायची होती. रीप काढायला दोन मिनिटं लागली नसती. मी कॅमेरा सुरू केला.

तिने टेप सोडली. ती मान वर करून लेन्समध्ये बघू लागली.

आणि कॅमेऱ्याच्या त्या तळहाताएवढ्या पडद्यावर, माझ्या अधू डोळ्यांनाही दिसलं, की ती धूसर आहे आणि हळूहळू स्पष्ट होते आहे. लेन्सला मी हात लावला नव्हता. ती हलली नव्हती. मी खाली पाहिलं, तर तिची बोटं रिपेवर पांढरी पडलेली तशीच होती, मग एकाएकी त्यांत रंग आला, ती सैलावली. पडद्यावर पापण्यांचा केस न् केस दिसू लागला. बुबुळात खिडकीची चौकट दिसू लागली, आणि चौकटीत मी.

"कट," मी म्हणालो.

ती तशीच बघत राहिली, थोडा वेळ. मग रीप सहज ओलांडून पुढे आली.

"झालं ना मनासारखं?" तिने विचारलं.

६

कात्री असा खूश कधीच झाला नव्हता. "हा शॉट बघायला लोक पुन्हा तिकीट काढतील," म्हणाला. मग पडद्यावरच्या चेहऱ्याकडे एकदा बघून त्याने तो बंद केला आणि म्हणाला, "वहिनींना सांग, छान झालंय." इतकी वर्षं तो हे तिला स्वतः फोन करून सांगायचा.

सिनेमा मोठ्या पडद्यावर लागला. पहिल्यांदा खुर्च्या दुसऱ्या कुणी मांडल्या. सासूबाईंनी मला जावईबापू म्हटलं.

बायको गेली नाही. नोकरीला नकार कळवून टाकला, बॅग रिकामी करून माळ्यावर ठेवली. मी काही विचारलं नाही. मला हवं होतं तेच झालं होतं, मग नसता चौकसपणा कशाला? ती घरात असते. सकाळी उठते, दारं-खिडक्या उघडते, माझ्या विनोदांना हसते. पूर्वी हसायची त्यापेक्षा जास्तच. तिच्या बहिणीचा फोन आला की बोलते, पण थोडं. परवा ताईने मलाच फोन केला. "तिला बरं नाही का रे?" म्हणाली. "अगदी बरी आहे," मी म्हणालो. "तेच," ताई म्हणाली आणि तिने फोन ठेवला.

गेल्या आठवड्यात मी नव्या सिनेमासाठी घरातच चाचणी घेतली. डबी कॅमेऱ्याला टेकवली, टोक तिला दिलं. ती जाऊन उभी राहिली, टोक डोळ्याच्या कोपऱ्याशी धरलं, नीट, ताठ. मी वाट पाहिली.

"हिसके?" मी म्हणालो.

"कसले हिसके?"

"तू देतेस ते."

"द्यायचे असतात का?" ती म्हणाली आणि माझ्याकडे बघून तिने टेप दोनदा ओढली. जोरात. डबी हातातून निसटता निसटता राहिली.

माणूस विसरतो. कामाचा ताण असतो. मी स्वतःला हे आठवडाभर समजावलं. आजवर मी तिच्यावर कारण नसताना किती संशय घेतला, त्यातलाच हा एक.

आज दुपारी ती जेवणाच्या टेबलाशी बसून कपड्यांच्या घड्या घालत होती. मी समोर होतो. तिच्या मागे रिकामी खोली, पलीकडे भिंत. का कोण जाणे, मी खणातून टेप काढली, उठलो, आणि टोक धरलेला हात तिच्या कानाजवळून मागे नेला, हातभर मागे, डोळ्याच्या उंचीवर. तिथे काहीच नव्हतं. मी बोटं उघडली.

टोक खाली पडलं नाही.

मी डबी घेऊन मागे मागे माझ्या खुर्चीशी आलो. टेप सुटत गेली आणि तिच्या कानाला घासून जाईल अशी ताणली गेली. तिने घडी घालायचं थांबवलं नाही, मान वळवली नाही.

"काय मोजतोयस?" तिने विचारलं.

"काही नाही."

"मग सोड ती."

माझ्या बोटांना दोन हलके हिसके जाणवले. थोडं थांबून पुन्हा दोन. मी जागेवर आहे, वाच.

मी चष्मा खाली ओढला आणि आकडा वाचायला लागलो. समोरून बायको उठली आणि टेपच्या बाजूने, तिला हात न लावता, माझ्याकडे येऊ लागली. "सोड म्हणतेय ना," ती हसून म्हणाली. ती अगदी स्पष्ट दिसत होती. मी टेप घट्ट धरून ठेवली.